अर्ज निकाली काढू नका, निकाल द्या



एरवी या पानावर मी राब कधी भाजायचा, काजूच्या मोहरावरचा ढेकण्या कसा ओळखायचा, नाचणीचं रोप कधी लावायचं असलं लिहितो. आज लिहितोय ते कागदाबद्दल. ज्यांना फक्त पिकाचं वाचायचंय त्यांनीही वाचा. पीक कितीही झकास आलं तरी कर्ज, विमा आणि भरपाई सातबाऱ्यावर जेवढं क्षेत्र आहे तेवढ्यावरच मिळते.

हल्ली सरकारी कचेरीत एक वाक्य फार ऐकू येतं. "कोर्टातून आदेश आणा, लगेच करून देतो." सांगणारा गोड सांगतो, ऐकणारा मान डोलावतो. बाहेर टपरीवर चहा पिताना हाच माणूस म्हणतो, "साहेब चांगला आहे हो, करायला तयार आहे, फक्त आदेश पायजे." माझं म्हणणं असं की याच्याइतकं बेकायदा वाक्य त्या कचेरीत दुसरं बोललं जात नसेल. ज्या कामाचा पगार घेता, तेच काम करायला उच्च न्यायालयाचा हुकूम आणा? उद्या नांगरणीला ठरवलेला जोतवाला "आधी कलेक्टरची चिठ्ठी आणा, मग जोत धरतो" म्हणाला तर आपण त्याला काय म्हणू?

आमच्या पलीकडच्या वाडीतल्या एका आण्णांची गोष्ट सांगतो. नाव, गाव, कचेरी सांगत नाही. सांगायची गरजही नाही, प्रत्येक गावात असा एक आण्णा आहे.

आण्णांचं वहाळाकाठी ४० गुंठ्यांचं भातखाचर. जुन्या हस्तलिखित सातबाऱ्यावर ०.४०.० असं स्वच्छ लिहिलेलं. सातबारा संगणकावर चढवताना शून्य इकडचं तिकडं झालं आणि छापून आलं ०.०४.०. चाळीस गुंठ्यांचे चार गुंठे झाले. जमीन जागेवर, गडगा जागेवर, आकारही तोच, फक्त आकडा बदलला. २२ जुलै २०२१ चा पूर आपण सगळ्यांनी बघितलाय. बाजारपेठ बुडाली ते जगानं टीव्हीवर पाहिलं, पण वहाळाकाठच्या खाचरांत किती गाळ बसला ते ज्याची खाचरं त्यालाच ठाऊक. आण्णांचं अख्खं खाचर गाळाखाली गेलं. पंचनाम्याला कागद काढला तेव्हा कळलं की सरकारदरबारी यांचं नुकसान चार गुंठ्यांचंच आहे.

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ मध्ये कलम १५५ आहे. अधिकार अभिलेखात लिहिताना झालेली चूक दुरुस्त करायचा अधिकार त्यात दिलाय. आण्णांनी हस्तलिखित उतारा जोडून अर्ज दिला. पुढची तीन वर्षं काय ऐकलं ते तुम्हाला पाठ असेल. फाईल वर गेलीय. साहेब बदलले. निवडणुकीचं काम आहे. अधिवेशन आहे. पुढच्या सोमवारी या. तीन वर्षांत एकानंही लेखी "हो" दिलं नाही की लेखी "नाही" दिलं नाही.

शेवटी मुलानं मुंबईत वकील गाठला. उच्च न्यायालयाचा आदेश आला, आठ आठवड्यांत अर्जावर निर्णय घ्या. त्या दिवशी वाडीत पेढे वाटले. मीही खाल्ला. आठव्या आठवड्यात कागद आला. त्याचा मतितार्थ एवढाच, की अभिलेख पाहिले, विनंती मान्य करता येत नाही, सबब अर्ज निकाली काढण्यात येत आहे. कुठले अभिलेख पाहिले, कुठल्या पानावर काय दिसलं, हस्तलिखित उतारा खरा की खोटा, एक अक्षर नाही. आण्णा कागद हातात धरून मला विचारतात, "अरे, कोर्टानं करायला सांगितलंन होता ना? मग हा काय?"

इथंच आपल्यातल्या बहुतेकांची गल्लत होते. कोर्टानं "करा" म्हटलं नव्हतं, "ठरवा" म्हटलं होतं. दोन्हींत चाळीस गुंठे आणि चार गुंठे यांच्याएवढा फरक आहे.

राज्यघटनेच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालय सरकारी अधिकाऱ्याला त्याचं कर्तव्य करायला लावू शकतं. त्याला परमादेश म्हणतात. पण अर्ज तसाच पडून असेल, तर कोर्ट सहसा अधिकाऱ्याच्या खुर्चीत बसून तो अर्ज स्वतः मंजूर करत नाही. ते सांगतं, तुझ्यापुढं अर्ज आहे, अमुक दिवसांत ठरव. काय ठरवायचं ते अधिकाऱ्यावर सोडतं. आंध्र प्रदेशच्या एसटी महामंडळाच्या एका प्रकरणात २००६ साली सर्वोच्च न्यायालयानं हे नीट उलगडून सांगितलंय. कोर्टानं नुसतं "विचार करा" म्हटलं असेल, तर माणसाचा मूळ हक्क आहे की नाही यावर कोर्टानं काही ठरवलेलं नसतं. अधिकारी विचार करून नाहीही म्हणू शकतो.

कायद्याची पुस्तकं राहू देत, आपल्या डोळ्यांसमोर घडलेलं उदाहरण घ्या. २०२२ च्या जूनमध्ये शिवसेना फुटली. आमदार अपात्र करावेत म्हणून विधानसभा अध्यक्षांपुढं अर्ज पडले. ते तसेच राहिले. ११ मे २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं सांगितलं, अध्यक्षांनी वाजवी मुदतीत निर्णय घ्यावा. "वाजवी" शब्दावर उन्हाळा गेला, पावसाळा गेला. मग ऑक्टोबर २०२३ मध्ये कोर्टानं तारीखच बांधून दिली, ३१ डिसेंबर. पुढं ती वाढवून १० जानेवारी २०२४ केली. आणि १० जानेवारीलाच अध्यक्ष राहुल नार्वेकर यांनी निकाल वाचला. दोन्ही गटांचा एकही आमदार अपात्र झाला नाही. निकाल तुम्हाला पटला असो नसो, मला त्या भांडणात पडायचं नाही. मला दोन गोष्टी दाखवायच्यात. एक, "वाजवी मुदत" म्हटलं की काही हलत नाही, तारीख घातली की हलतं. दोन, कोर्टानं कधी ठरवायचं ते सांगितलं, काय ठरवायचं ते सांगितलं नाही.

आमदारांच्या अर्जासाठी देशातले मोठमोठे वकील उभे राहिले तरी तारीख पडायला सव्वा वर्षाहून जास्त लागलं. मग आपल्या सातबाऱ्याच्या अर्जाला कोण उभं राहणार?

आता कोणी म्हणेल, मग कोर्टात जाण्यात अर्थच नाही. तसं नाही. उलट, आण्णांना मिळालेलं ते कोरडं "नाही"सुद्धा तीन वर्षांच्या गप्प बसण्यापेक्षा बरं. लेखी नकार हातात असला की त्यावर अपील होतं. तहसीलदाराच्या आदेशावर साठ दिवसांच्या आत प्रांताकडं जाता येतं. गप्प बसण्यावर अपील कसं करणार? गप्प बसणं हीच खरी चलाखी आहे. नकार दिला तर कारण द्यावं लागतं, कारण दिलं तर वरचा अधिकारी ते तपासतो. काहीच न देणाऱ्याला काहीच विचारता येत नाही. म्हणून कोर्टाचा "ठरवा" हा आदेश म्हणजे बंद दाराची कडी काढणं आहे. आत ताट वाढून ठेवलंय असं समजून पेढे वाटू नका, एवढंच.

माझा राग मात्र वेगळ्याच गोष्टीवर आहे. ही कडी काढायला उच्च न्यायालय लागावं का? मुदत तर कायद्यात आधीच लिहून ठेवलीय.

२००५ चा बदल्यांचा आणि दप्तर दिरंगाईचा कायदा घ्या. त्याचं कलम १० वाचा. कुठल्याही कर्मचाऱ्याकडं फाईल साधारणपणे कामाच्या सात दिवसांपेक्षा जास्त राहू नये. दुसऱ्या विभागाकडं पाठवायची गरज नसलेल्या फाईलवर ४५ दिवसांत निर्णय आणि कार्यवाही व्हावी. दुसऱ्या विभागाकडं जाणारी असेल तर तीन महिन्यांत. मुद्दाम दिरंगाई केली तर शिस्तभंगाची कारवाई. एवढं सगळं आपल्याच विधिमंडळानं लिहिलंय. न्यायप्रविष्ट प्रकरणं आणि दोन्ही बाजू ऐकून न्यायनिवाड्यासारखी ठरवायची प्रकरणं यातून वगळलीत, हेही प्रामाणिकपणे सांगतो. पण कचेरीत काय होतं, जरा अडचणीचा अर्ज दिसला की तो न्यायनिवाड्याचा म्हणायचा आणि कलम १० मधून बाहेर काढायचा. शून्य चुकीच्या जागी छापलं गेलं, यात कसला आलाय न्यायनिवाडा? आणि खरोखर वादाची नोंद असली तरी तिलाही मुदत आहे. फेरफाराच्या तक्रारी शक्यतो एका वर्षात निकालात काढाव्यात असं जमीन महसूल अधिनियमाचं कलम १५० सांगतं.

दुसरा कायदा २०१५ चा, लोकसेवा हक्क. ज्या सेवा अधिसूचित केल्यात, त्यांना दिवस ठरवून दिलेत. त्या दिवसांत सेवा नाही मिळाली किंवा नाकारली, तर ३० दिवसांत पहिलं अपील, मग दुसरं, मग राज्य सेवा हक्क आयोग. कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५००० रुपये दंड. रक्कम मोठी नाही, पण ती खिशातून जाते. सरकारी वकिलाची फी सरकारी तिजोरीतून जाते, म्हणून कोर्टाची भीती कोणाला वाटत नाही. खिशातल्या पाचशेची वाटते.

तिसरा, माहितीचा अधिकार. आपण तो फक्त माहिती मागायला वापरतो. पण त्याच्या कलम ४ मध्ये असंही आहे की प्रशासकीय किंवा न्यायनिवाड्यासारख्या निर्णयाची कारणं, ज्याच्यावर परिणाम होतो त्याला सांगायला हवीत. म्हणजे "सबब निकाली" एवढंच लिहून फाईल बांधणं याच कलमाच्या विरुद्ध जातं.

इथं महसूल खात्यातले काही मित्र हे पान वाचतात, त्यांची बाजू मला माहीत आहे. एका ग्राम महसूल अधिकाऱ्याकडं किती गावं, वर पंचनामे, निवडणूक, ई-पीक पाहणी, सर्व्हर बंद. खरं आहे सगळं. मी त्या माणसाला रात्री नऊ वाजता मोबाईलच्या उजेडात नोंदी करताना बघितलंय. माणसं कमी आहेत म्हणून उशीर होत असेल तर तो समजू शकतो. पण माणसं कमी आहेत म्हणून रांग लागेल, रांगेत नंबर असेल, नंबराला तारीख असेल. रेशनच्या दुकानातसुद्धा रांग दिसते. अर्जांची रांग दिसत का नाही? कोणाचा अर्ज पुढं जातो आणि कोणाचा मागं राहतो, हे ज्या दिवशी भिंतीवर दिसेल त्या दिवशी माणसं कमी असल्याची तक्रार घेऊन आम्ही शेतकरीच तुमच्याबरोबर मंत्रालयात येऊ.

आणि नुसत्या तारखेनंही भागत नाही, हे आपल्या चिपळूणकरांना वेगळं सांगायला नको. मुंबई-गोवा महामार्ग रखडला म्हणून मूळचे आपल्या चिपळूणचे ॲडव्होकेट ओवेस पेचकर उच्च न्यायालयात गेले. तिथं काम पुरं करायच्या तारखा दिल्या गेल्या आणि उलटल्या. बहादूरशेख नाक्याचा पूल तर १६ ऑक्टोबर २०२३ ला बांधता बांधताच कोसळला. तारीख उलटली की कोणाला तरी काहीतरी सोसावं लागलं पाहिजे. नाहीतर तारीख म्हणजे कॅलेंडरचं पान, फाडलं की दुसरं.

१८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच चालू झालंय. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, सिंधुदुर्ग आणि आपली रत्नागिरी असे सहा जिल्हे त्यात आहेत. म्हणजे आता मुंबई नाही, कुंभार्ली घाट चढून कराडवरून कोल्हापूर. चांगलंच झालं. पण याचा दुसरा परिणाम मला दिसतोय. "कोर्टातून आदेश आणा" म्हणणाऱ्यांना आता जोडीला "जवळच तर आहे" असं म्हणायला मिळेल. कोर्ट जवळ आलं म्हणून कचेरीनं लांब जायचं नसतं.

आता कामाचं. ज्यांचे अर्ज अडकलेत त्यांनी एवढं करा.

१. अर्ज दिला की पोच घ्या. आवक क्रमांक, शिक्का, तारीख. तोंडी "ठेवून जा" म्हटलं तर ठेवू नका. पोच नसेल तर पुढचं काहीच उभं राहत नाही.

२. अर्जात कुठलं कलम, नेमकी चूक काय, काय करून हवंय ते तीन ओळींत लिहा. तक्रारीची पानं भरू नका. जोडलेल्या कागदांची यादी खाली लिहा.

३. ४५ दिवस झाले की २००५ च्या कायद्याचं कलम १० लिहून स्मरणपत्र द्या. त्याची पोच वेगळी घ्या.

४. माहितीच्या अधिकारात एकच विचारा. माझा अर्ज कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत कोणाच्या टेबलावर होता. या प्रश्नानं अर्ध्या फाईली हलतात.

५. सेवा अधिसूचित आहे का ते बघा. असेल तर अपील करा, तीस दिवस जाऊ देऊ नका.

६. एवढं करूनही गप्पच असतील तर कोर्ट. पण वकिलाला सांगा, नुसतं "निर्णय घ्यावा" असं मागू नका. मागा की सुनावणी द्यावी, जोडलेल्या कागदांचा विचार करावा, कारणांसह आदेश करावा, अमुक तारखेपर्यंत करावा आणि प्रत अर्जदाराला द्यावी. आण्णांच्या आदेशात तारीख होती, बाकीचं नव्हतं. म्हणून तो कागद दोन ओळींचा आला.

७. कोर्टानं दिलेली मुदत उलटली तर अवमान याचिका करता येते, पण ती एका वर्षाच्या आत.

अजून एक, हे आपल्यातल्या चालढकल करणाऱ्यांसाठी. वीस वर्षांपूर्वी मेलेला दावा नवा अर्ज देऊन जिवंत होत नाही. खाण आणि भूविज्ञान खात्यातल्या एका माणसाची नोकरी १९८२ साली गेली, त्यानं अर्ज केला २००० साली. २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं त्याच्या प्रकरणात साफ सांगितलं, की अर्जाला उत्तर मिळालं म्हणून जुन्या दाव्याची मुदत नव्यानं सुरू होत नाही. "अर्जावर निर्णय घ्या" असे आदेश सरसकट दिले की मेलेली प्रकरणं उठून बसतात, हेही त्याच निकालात सुनावलंय. कोर्टाचं हे म्हणणं मला पटतं. दिरंगाईचा कायदा सरकारला लागू आणि आपल्याला नाही, असं चालणार नाही.

कृषी खात्यातल्या आणि विद्यापीठातल्या मित्रांनाही सांगणं आहे. तुम्ही बांधावर येऊन बियाणं सांगता, खताचा हप्ता सांगता. अर्ज अडकल्यानं किती एकर पडीक राहिलं, किती जणांना पीक कर्ज मिळालं नाही, किती बागांचा विमा हुकला, हे कधीतरी मोजा. मृग लागला की बी थांबत नाही. विम्याची तारीख गेली की बाग थांबत नाही. फाईल तेवढी थांबते.

माझ्या मागण्या मोजक्या आहेत. प्रत्येक कचेरीच्या भिंतीवर पडून असलेल्या अर्जांची यादी, तारखेच्या क्रमानं. प्रत्येक नकाराला कारण. उशिराचा दंड उशीर करणाऱ्याच्या खिशातून. आणि कोर्टाला हात जोडून विनंती, की आदेशात "निर्णय घ्या" लिहाल तिथं "कारणांसह" हा शब्दही लिहा, आणि मुदत संपल्यावर काय झालं ते अधिकाऱ्यानं कोर्टात येऊन सांगावं अशी एक ओळ घाला. तुमच्या एका ओळीनं आमच्या माणसाची कोल्हापूरची दुसरी खेप वाचेल.

आण्णांनी प्रांताकडं अपील टाकलंय, साठ दिवसांच्या आत. हस्तलिखित उताऱ्याची प्रत पुन्हा जोडलीय. या खेपेला अर्जात मी एक वाक्य घालायला लावलं: विनंती अमान्य करायची झाल्यास कुठल्या अभिलेखाच्या कुठल्या पानावरून अमान्य केली ते नमूद करावे.

हेच वाक्य तुमच्याही अर्जात घाला. अर्ज निकाली काढणं सोपं असतं, निकाल द्यायला कागद वाचावा लागतो. तो वाचायला लावणं आपल्या हातात आहे.